बाळासाठी खेळ सोडू का?

ताई,

मी 29 वर्षांची आहे. व्यावसायिक फुटबॉल खेळते, राइट बॅक, म्हणजे उजव्या बाजूची बचावपटू. माझा करार आठ महिन्यांत संपतोय आणि क्लबनं आणखी दोन वर्षांचा करार समोर ठेवलाय. मला आणि नवऱ्याला मूल हवंय. आणखी दोन वर्षं खेळले की मी 32 ला टेकेन. मूल आधी म्हटलं तर करार हातचा जातो, करार आधी म्हटलं तर मूल लांबणीवर पडतं. परवा प्रशिक्षकांनी सहज विचारल्यासारखं विचारलं, 'पुढच्या दोन वर्षांत घरी काही ठरत नाहीये ना?' मी हसून वेळ मारून नेली, पण तेव्हापासून झोप उडाली आहे. सही करून मग गरोदर राहिले तर ती फसवणूक होईल का? की सरळ निवृत्तीच घेऊ? माझ्याबरोबरच्या दोघी-तिघींनी तेच केलं. (मोसमाआधीच्या तयारीपासून पाळी आलेली नाही, पण कष्टाच्या दिवसांत माझं हे नेहमीचंच आहे. गरोदर नाही, तपासून झालंय.)

— राइट बॅक

प्रिय राइट बॅक,

निवृत्ती घेऊ नकोस. सही कर. आणि सही केल्यावर गरोदर राहिलीस तर ती फसवणूक नाही. उत्तरं आधीच देऊन टाकते, कारण रात्र-रात्र जागणाऱ्या माणसाला ताटकळत ठेवू नये. पण सहीच्याही आधी करायची एक गोष्ट तू कंसात टाकून मोकळी झाली आहेस. ती मी तशी सोडणार नाहीये, तिच्याकडे येतेच.

फसवणुकीचं आधी बोलू, कारण तुला खरं तेच खातंय. करारानं तू क्लबला काय देतेस? तुझा खेळ, तुझा सराव, तुझी शिस्त. घरात मूल कधी यावं हे ठरवायचा अधिकार त्यात येत नाही. पुरुष खेळाडू करारावर सही करायला बसतो तेव्हा 'पुढच्या दोन वर्षांत बाप होणार आहेस का?' असं त्याला कोणी विचारत नाही. आता तू म्हणशील, बाप झाला तरी तो पुढच्या शनिवारी मैदानात असतो, मी नसेन. खरं आहे. पण खेळाडू कित्येक महिने मैदानाबाहेर बसू शकते ही जोखीम क्लब प्रत्येकच सहीबरोबर पत्करत असतो. स्पेनची अलेक्सिया पुतेयास जगातली सर्वोत्तम खेळाडू ठरलेली होती. जुलै 2022 मध्ये, युरो स्पर्धा तोंडावर असताना, सरावात तिच्या गुडघ्याचं लिगामेंट फाटलं. बहुतेक सगळा मोसम ती बाहेर होती. क्लबनं वाट पाहिली, देशानंही पाहिली, आणि 2023 चा विश्वचषक जिंकणाऱ्या स्पेनच्या संघात ती होती. बाळंतपण म्हणजे दुखापत नव्हे, मला ते तसं म्हणायचंही नाही. पण एका अनुपस्थितीला धीरानं घेणारा क्लब दुसरीला विश्वासघात म्हणू लागला, तर चूक तुझ्या वागण्यात नसते.

प्रशिक्षकांनी पुन्हा विचारलं तर खोटं बोलू नकोस. 'छे, काहीच ठरत नाहीये' हे वाक्य तोंडातून जाऊ देऊ नकोस, कारण वर्षभरानं याच माणसासमोर बसून तुला तुझ्या परतीचं वेळापत्रक आखायचंय. पण सगळं सांगायला तू बांधलेली नाहीस. 'माझ्या खेळाबद्दल, तब्येतीबद्दल काहीही विचारा. घरच्या गोष्टी मी आगाऊ कोणाशीच बोलत नाही.' एवढं शांतपणे म्हण आणि सरावाला लाग.

आता नियमाचं. हे तुला तुझ्या एजंटनं सांगायला हवं होतं. 1 जानेवारी 2021 पासून फिफाच्या नियमांत व्यावसायिक महिला खेळाडूंसाठी प्रसूती रजा आली. किमान 14 आठवडे, त्यातले किमान 8 बाळ झाल्यानंतरचे, आणि त्या काळात करारातल्या पगाराच्या किमान दोन तृतीयांश रक्कम. तुझ्या देशाचा कायदा याहून जास्त देत असेल तर ते जास्तीचं लागू. गरोदर आहे किंवा पुढे राहू शकते, या गोष्टीवर करार अवलंबून ठेवता येत नाही. गरोदरपणात किंवा रजेत क्लबनं एकतर्फी करार तोडला, तर तो गरोदरपणामुळेच तोडला असं धरलं जातं; तसं नव्हतं हे क्लबनं सिद्ध करायचं. नाही करता आलं तर उरलेल्या कराराची भरपाई, वर सहा महिन्यांचा पगार, दंड, आणि खेळाडू नोंदवण्याच्या दोन ठरावीक काळांत (नोंदणीच्या खिडक्या म्हणतात त्या) नवे खेळाडू घेण्यावर बंदी. रजेनंतर तुला पुन्हा संघाच्या कामात सामावून घेणं आणि लागेल तो वैद्यकीय आधार देणं ही क्लबची जबाबदारी. बाळाला पाजायला किंवा दूध काढून ठेवायला वेळ आणि जागा देणं हीसुद्धा. तुझ्या जागी तात्पुरती खेळाडू क्लबला नोंदणीची खिडकी बंद असतानाही घेता येते, त्यामुळे 'तुझ्यामुळे आमची बाजू उघडी पडली' हे कोणी ऐकवलं तर मनाला लावून घेऊ नकोस.

नियम कागदावर असणं आणि खात्यात पगार जमा होणं यात अंतर असतं, हे सारा ब्यॉर्क गुन्नार्सदोत्तिरच्या प्रकरणातून कळतं. ती आइसलँडची कर्णधार, खेळायची फ्रान्समध्ये लियोंकडून. 2021 मध्ये गरोदर राहिली, क्लबच्या संमतीनं मायदेशी गेली, आणि तिथे गेल्यावर पगार पुरता येईनासा झाला. नियम तेव्हा लागू होता! ती खेळाडूंच्या संघटनेकडे गेली, संघटनेमार्फत फिफाच्या न्यायाधिकरणाकडे गेली, आणि 2022 मध्ये निकाल तिच्या बाजूनं लागला: थकलेले 82 हजारांहून जास्त युरो क्लबनं द्यायचे. या प्रकरणातून तू उचलायचं ते हे की संघटना पाठीशी हवी आणि हातात कागद हवेत. तू सभासद नसशील तर या आठवड्यात हो. आणि क्लबमधलं कोणी तोंडी काही कबूल केलं, की त्याच संध्याकाळी 'आपलं असं बोलणं झालं' एवढा दोन ओळींचा ईमेल पाठवत जा.

आता मी सही कर का म्हणते ते सांगते. हे सगळं संरक्षण करार चालू असेपर्यंतच आहे. करार संपला की क्लबनं तो पुढे वाढवलाच पाहिजे अशी सक्ती कोणावर नाही, आणि तिथेच बायका गळतात. जगभरच्या खेळाडू संघटनांचा महासंघ फिफप्रो, त्यानं 2017 मध्ये महिला खेळाडूंची मोठी पाहणी केली होती. त्यात मूल असलेल्या खेळाडू होत्या फक्त 2 टक्के, आणि करारांची सरासरी मुदत होती साधारण एक वर्ष. हे दोन आकडे शेजारी ठेव. वर्षभराच्या करारात नऊ महिन्यांचं गरोदरपण आणि पुढची परत येण्याची तयारी बसतच नाही. तुझ्या मैत्रिणींनी निवृत्ती 'घेतली' असं तू लिहितेस. मला वाटतं त्यांच्यातल्या एखादीला तरी दुसरा रस्ताच दिसला नसेल.

तुझा हिशेब मांड. आत्ताच्या कराराचे आठ महिने उरलेत. उद्या दिवस राहिले तरी बाळ होण्याआधी करार संपतो. म्हणजे आत्ता सही न करता वाट पाहणं हाच तुझ्यापुढचा सगळ्यात धोक्याचा पर्याय. सही केलीस तर आठ आणि चोवीस मिळून बत्तीस महिने हातात येतात. पुढच्या काही महिन्यांत दिवस राहिले असं धर. गरोदरपणाचे नऊ महिने, परत येण्याचे सहा ते नऊ. तरी शेवटचा बराच काळ मैदानात खेळून दाखवायला उरतो, आणि पुढचा करार खेळ दाखवूनच मिळत असतो. तिसरं वर्ष मागता आलं तर मागच. पगारात थोडं कमी-जास्त झालं तरी चालेल, मुदतीत माघार घेऊ नकोस.

आणि कराराची ओळ न् ओळ वाच. मूळ पगार कमी आणि सामना खेळल्याचे, जिंकल्याचे पैसे जास्त अशी रचना असेल, तर दोन तृतीयांश नक्की कशाचे हे आधी विचारून घे. वरची रक्कम सामन्यागणिक असेल तर ती त्या काळात येणार नाही. मूळ पगार वाढवून घे. क्लबनं दिलेल्या घरात राहत असशील तर रजेत ते घर राहणार का, आरोग्य विम्यात बाळंतपण येतं का, हे लिहून घे. घराचा मुद्दा फार जणी विसरतात. सामन्यांच्या यादीतून नाव गेलं की घराची किल्ली मागितली जाईल ही धास्ती बाळाच्या आठव्या आठवड्यात कोणालाही नको.

आता तो कंस.

मोसमाआधीच्या तयारीपासून पाळी नाही, म्हणजे तीन महिने तरी उलटले. आणि तू म्हणतेस की हे नेहमीचंच. मैत्रिणी, हे नेहमीचं असता कामा नये. आपल्यातल्या पुष्कळ जणी याला मेहनतीचं लक्षण समजतात, काही प्रशिक्षक तर कौतुकानं बघतात, आणि माझा जीव तुटतो. बहुतेक वेळा याचा अर्थ असा असतो की तू जेवढी ताकद खर्च करतेस तेवढं पोटात जात नाहीये. अंगाला सगळ्याला पुरेल एवढं मिळालं नाही की ते आधी पाळीचं काम बंद करतं. पण तेवढ्यावर थांबत नाही. हाडं ठिसूळ होत जातात, नडगीला किंवा पायाच्या हाडाला बारीक चीर पडते, दुखापत भरून यायला वेळ लागतो. 2014 मध्ये आंतरराष्ट्रीय ऑलिंपिक समितीनं या सगळ्या प्रकाराला 'रेड-एस' असं नाव दिलं, आता क्लबच्या चांगल्या डॉक्टरांना ते माहीत असतं. कारण थायरॉइडचं असू शकतं, दुसऱ्या एखाद्या संप्रेरकाचंही असू शकतं, त्यामुळे स्वतःच निदान करून बसू नकोस. स्त्रीरोगतज्ज्ञाकडे जा, रक्त तपासून घे, हाडांची घनता मोजायची का ते विचार, आणि क्रीडा आहारतज्ज्ञाकडून आठवडाभराचं खाणं सरावाच्या तासांशी ताडून घे. सकाळच्या सरावाआधी तू काय खातेस? दुपारच्या जिमनंतर किती वेळानं जेवतेस? उत्तर बहुतेक वेळा तिथेच सापडतं.

मूल हवंय म्हणून तर हे आणखीच महत्त्वाचं. बीज नियमित तयार होत नसेल तर 'मोसम संपला की दिवस राहतील' हे गणित चुकतं. वयानं घाबरू नकोस. तिशीनंतर शक्यता हळूहळू कमी होते, पस्तिशीनंतर जरा वेगानं, आणि 32 म्हणजे उशीर नव्हे. पण दर मोसमात पाळी थांबते आणि कोणी विचारत नाही, याची मला तुझ्या वयापेक्षा जास्त काळजी वाटते.

याला जोडूनच एक धोका सांगते, तो साध्या स्त्रीरोगतज्ज्ञाच्या लक्षात येईलच असं नाही. बीज तयार व्हावं म्हणून सर्रास दिल्या जाणाऱ्या गोळ्यांत लेट्रोझोल आणि क्लोमिफीन असतात. ही दोन्ही औषधं 'वाडा' या जागतिक उत्तेजकविरोधी संस्थेच्या बंदी यादीत आहेत. स्पर्धेच्या काळातही आणि बाहेरही. डॉक्टरनं चिठ्ठी लिहिली, तू विश्वासानं गोळी घेतलीस आणि चाचणीत सापडलीस, तर चिठ्ठी दाखवून सुटका होत नाही. उपचारासाठीची सवलत, टीयूई म्हणतात ती, आधी मागावी लागते. म्हणून कोणताही उपचार सुरू करण्याआधी 'मी चाचणी होणारी खेळाडू आहे' हे डॉक्टरांना सांग आणि प्रत्येक औषधाचं नाव तपासून घे.

दिवस राहिल्यावर खेळायचं कुठवर? राइट बॅकची जागा तशी अंगावर येणारी. कडेनं चढाई करणारी विंगर धावत येणार, तू आडवी जाणार, कॉर्नरला कोपरं लागणार. पोटाला मार बसण्याची शक्यता असलेले खेळ गरोदरपणात टाळावेत असाच डॉक्टरांचा सर्वसाधारण सल्ला असतो. धावणं, पोहणं, वजनं मात्र बहुतेक जणींना डॉक्टरांच्या देखरेखीखाली पुष्कळ काळ चालू ठेवता येतात. फिफाच्या नियमात निर्णय तुझा आहे. खेळायचं असेल तर तुझ्या डॉक्टरांचा आणि दुसऱ्या स्वतंत्र डॉक्टरचा होकार लागतो, आणि नसेल खेळायचं तर क्लबनं दुसरं काम सुचवायचं. म्हणूनच माझं मत असं की दिवस राहिल्याचं पक्कं झालं की क्लबच्या डॉक्टरला लगेच सांग, बाकीच्यांना केव्हा सांगायचं ते नंतर ठरव. बाहेरच्या जगासाठी बारा आठवडे थांबणं ठीक, पण त्या बारा आठवड्यांत तू टॅकल करत राहू नकोस.

परत येण्याबद्दल तू विचारलं नाहीस, बहुधा परत येता येतं यावर विश्वासच नसेल. जॉय फॉसेट तुझ्यासारखीच बचावपटू. तिला तीन मुली झाल्या, 1994, 1997 आणि 2001 मध्ये. आणि 1995, 1999, 2003 या तिन्ही विश्वचषकांत ती अमेरिकेसाठी एकही मिनिट बाहेर न बसता खेळली. फिफाचा प्रसूती रजेचा नियम तेव्हा नव्हता. ऑस्ट्रेलियाच्या कॅटरिना गॉरीला 2021 मध्ये मुलगी झाली आणि 2023 च्या विश्वचषकात चौथा क्रमांक मिळवणाऱ्या संघाच्या मधल्या फळीत ती होती. अमेरिकेची क्रिस्टल डन मे 2022 मध्ये बाळंत झाली आणि त्याच ऑक्टोबरात पोर्टलंड क्लबसाठी तिथल्या लीगच्या उपांत्य सामन्यात अगदी अखेरच्या क्षणी विजयी गोल तिनं मारला. पण डनचे पाच महिने हे स्वतःचं माप समजू नकोस आणि क्लबलाही समजू देऊ नकोस.

बाळंतपणानंतरचं शरीर टप्प्याटप्प्यानं मैदानाकडे न्यावं लागतं. साधारणपणे बारा आठवड्यांच्या आत धावणं सुरू करू नये असं या विषयातले फिजिओ सांगतात, आणि बारा आठवडे म्हणजे धावायची परवानगी असंही नाही. आधी चालणं, श्वास, ओटीपोटाच्या तळाचे स्नायू. मग एका पायावर उभं राहून टाच उचलणं, एका पायावर बसून उठणं, जागच्या जागी उड्या. उडी मारताना किंवा खोकताना लघवी गळते का, खाली जड ओढल्यासारखं होतं का, हे फिजिओनं विचारलं पाहिजे आणि तू लाजेनं लपवता कामा नये. फार जणींना होतं, व्यायामानं बहुतेकदा आटोक्यात येतं, पण लपवलं तर चिघळतं. सिझेरियन झालं असेल तर पोटाची शिवण बाहेरून भरली तरी आतल्या थरांना आणखी काही महिने लागतात. त्यानंतर सरळ धावणं, मग वेग, आणि सगळ्यात शेवटी तुझ्या जागेचं खरं काम: पूर्ण वेगात पुढे जाऊन एकदम ब्रेक लावणं, वळून मागे धावणं, खांद्याला खांदा भिडवणं. क्लबनं 'सहा आठवड्यांनी बघू' म्हटलं तर पेल्विक फ्लोअरचा, म्हणजे त्या ओटीपोटाच्या तळाच्या स्नायूंचा, अनुभव असलेली फिजिओ आहे का ते विचार. नसेल तर बाहेरची आणायचा खर्च क्लबनं करावा, हे सहीच्या वेळीच बोलून घे. झोप कमी, अंगावर पाजणं आणि दुपारचा सराव असं एकत्र आलं की खाणं पुन्हा कमी पडू लागतं, आणि तुझा इतिहास पाहता तेव्हा त्या आहारतज्ज्ञाला तू सोडू नयेस.

निवृत्तीचा कागद तर कुठेच देऊ नकोस. उत्तेजक चाचणीच्या नोंदणीकृत यादीत असशील आणि तू निवृत्ती जाहीर केलीस, तर परत येताना सहा महिने आधी लेखी कळवून चाचण्यांसाठी उपलब्ध राहावं लागतं, मगच खेळता येतं. रजा ही रजाच राहू दे. खेळाचाच कंटाळा आला असेल, गुडघे नको म्हणत असतील, तर मला पुन्हा लिही, ते उत्तर वेगळं असेल. पण तुझ्या पत्रात कंटाळ्याचा एक शब्द नाही.

एक माणूस मात्र या पत्रात फक्त एकदाच आलाय, तुझा नवरा. त्यालाही मूल हवंय असं लिहिलंस, पण त्याच्या कामाचं काय हे लिहिलं नाहीस. अमेल माजरी 2023 मध्ये आपल्या तान्ह्या मुलीला फ्रान्सच्या राष्ट्रीय शिबिरात घेऊन आली, कारण तिथल्या फुटबॉल महासंघानं तशी सोय केली. तुझ्या क्लबकडेही ती मागता येते, पण मागण्याआधी घरात बोलणं व्हायला हवं. या मोसमाची बाहेरगावच्या सामन्यांची यादी काढ आणि दोघं समोर घेऊन बसा. प्रत्येक तारखेपुढे लिहा: त्या रात्री बाळ कोणाजवळ. त्याच्या कामातून सुट्टी निघेल तिथे त्याचं नाव, आईचं किंवा बहिणीचं जिथे शक्य तिथे तिचं. ज्या तारखांपुढे कोणाचंच नाव येत नाही त्यांवर खूण करा, आणि सहीच्या बैठकीला जाताना तो कागद सोबत घेऊन जा.

— तुझी ताई